मोठ्या जावयाचं हसू

आमच्या वर्धेकडच्या लग्नात एक माणूस रुसतोच. बहुतेक करून मोठे जावई. त्यांचा फेटा सगळ्यांत शेवटी बांधलेला असतो, किंवा ते स्टेजवर चढले नेमकं तेव्हाच फोटोग्राफरने कॅमेऱ्याची बॅटरी बदलायला घेतलेली असते. तेवढं पुरतं. मग मंगलाष्टकांपासून पाठवणीपर्यंत जावई प्रत्येक फ्रेममध्ये आहेत आणि प्रत्येक फ्रेममध्ये त्यांचं तोंड दुधी भोपळ्यासारखं लांब. लग्नानंतर आठ-दहा दिवसांनी मुलीचे वडील माझ्याकडे येतात, पाणी पितात, कूलरसमोर बसून उन्हाळ्याबद्दल बोलतात, आणि निघताना चप्पल शोधता शोधता म्हणतात, "तेवढं आमच्या जावयाचं पाहून घेजा जी."

तेवढं पाहून घेण्यातच माझी अर्धी कारकीर्द गेली. युक्ती सोपी आहे. रुसलेला माणूससुद्धा दोन दिवसांत कधीतरी हसतोच. दुसऱ्या दिवशी सकाळी पोह्यांवरची तर्री फक्कड जमलेली असते, तेव्हा जावई हसतात. ते दोन सेकंद उचलायचे, चेहरा जवळ घ्यायचा म्हणजे फेटा नसलेला दिसत नाही, रंग मांडवाच्या उजेडाशी जुळवायचा आणि अक्षता पडल्या की लगेच लावून द्यायचे. घरचे खुश. गंमत म्हणजे जावईही खुश. स्वतःला हसताना पाहून त्यांनाही वाटायला लागतं की आपण रुसलो होतो असं लोक उगाच म्हणतात.

बोरगाव मेघेत आमच्या घराच्या पुढच्या खोलीत माझा स्टुडिओ आहे. बाहेरच्या पाटीवर एडिटिंगच्या खाली साउंड, कलर, टायटल, ग्राफिक्स, डबिंग असं सगळं रंगवून घेतलंय. पाटी लावली तेव्हा त्यातलं मला एकच येत होतं, तेही अर्धं. बाकीचं मी लोकांच्या लग्नांवर शिकलो. एका नवरदेवाला थोडा उजळ करा म्हणाले, तर मी असा उजळ केला की त्याची मिशी विरघळून गेली आणि सासूबाईंनी फोन करून विचारलं, हा पोरगा कोण. त्यातून कलर शिकलो. एका लग्नात माझ्या हातून मंगलाष्टकांचा आवाज मागे सरकला. अक्षता पडून, हार घालून, लोक जेवायच्या मंडपाकडे वळले तरी 'सावधान' यायचंच होतं. त्या घरातल्या आजोबांनी, ते संस्कृतचे मास्तर, मला गंभीर आवाजात विचारलं की हे लग्न लागलं असं समजायचं का. त्यातून साउंड शिकलो. सावंगीतल्या एका डॉक्टरांनी पित्ताशयाच्या ऑपरेशनची फिल्म विद्यार्थ्यांना दाखवायला म्हणून करून घेतली. मी सवयीने खाली सनई टाकली, आणि खडा बाहेर आला तिथे पडद्यावर गुलाबाच्या पाकळ्या उधळल्या. डॉक्टर भले माणूस. ते म्हणाले, पाकळ्या काढा, सनई राहू द्या, पोरं जागी राहतील.

तर असा मी. अशा माणसाकडे गेल्या मे महिन्यात एक पोरगी हार्ड डिस्क घेऊन आली आणि म्हणाली, मी सिनेमा केलाय, एडिट कराल का?

वर्ध्याचीच. वडील कॉलेजात शिकवायचे. ही पुण्याला जाऊन सिनेमा शिकली, तिथेच राहिली, आणि पहिला सिनेमा करायला परत आली. माझ्याकडे का आली, तर तिच्या मावसबहिणीच्या लग्नाचा व्हिडिओ मी केला होता. त्या लग्नातले मोठे जावई म्हणजे तिचे बाबा.

"माझे बाबा त्या लग्नात एकदाही हसले नाहीत," ती म्हणाली. "मी तिथे होते, दादा. व्हिडिओत ते हसतायत आणि जोड कुठे आहे ते मला चार वेळा पाहून सापडला नाही."

मी नम्रपणे खाली पाहिलं. आतून मात्र माझा बँड वाजायला लागला होता.

तिने सगळं सरळ सांगून टाकलं. पुण्याचा एक एडिटर तयार आहे, नावाजलेला आहे, पण त्याला वऱ्हाडी कळत नाही. तुम्हाला बोलणं कळतं, म्हणून आधी तुम्ही. पंधरा दिवसांनी, रविवारी, मी पहिला कट पाहीन. जमला तर सिनेमा तुमचा. नाही जमला तर मंगळवारी संध्याकाळच्या गाडीने मी डिस्क घेऊन पुण्याला.

ती गेल्यावर मी हार्ड डिस्क हातात धरून खोलीत तीन फेऱ्या मारल्या. ते पित्ताशय सोडलं, तर इतक्या वर्षांत पहिल्यांदा माझ्या हातात असं काही होतं ज्यात कोणाचे मामा-मामी दाखवायचे नव्हते. मला तो सिनेमा हवा होता. इतका, की त्या दिवशी मी दोन लग्नवाल्यांना ताप आलाय म्हणून सांगितलं, आणि त्यातला एक संध्याकाळी डॉक्टरची चिठ्ठी घेऊन आला, म्हणे आमच्या ओळखीचे आहेत, दाखवून घेजा.

सिनेमाची गोष्ट अगदी लहान. गिरडच्या टेकडीच्या अलीकडल्या एका गावात एक बाप एकटाच राहतो. शहरात नोकरी करणारी मुलगी घरी येते. जेवताना ती सांगते की महिन्याभरापूर्वी मी कोर्टात लग्न केलं. बाप म्हणतो, "बरं केलं." आणि जेवत राहतो. पुढे दोन दिवस ती राहते आणि जाते. बापाचं काम करणारे गृहस्थ नट नव्हते. तहसीलमधून निवृत्त झालेले बाबू. ज्या घरात शूटिंग झालं ते घरही त्यांचंच.

मी कामाला लागलो तो असा की जेवायला उठवावं लागे. भर दुपारी पडदे ओढून, कान बांधल्यासारखे हेडफोन लावून मी बाबूजींच्या घरात शिरायचो. नुसती चंगळ होती. एकेका प्रसंगाचे सहा-सहा टेक. मी रुबाबात निवडत सुटलो. इथे बाबूजी तोंड उघडं ठेवून चावतायत, काढा. इथे मुलगी काही न बोलता उगाच दाराकडे बघतेय, काढा. इथे दोघांमध्ये अवघडल्यासारखी शांतता, कोणाला बघवणार, काढा. शेताचा देखावा छान होता, तो चार ठिकाणी लावला. आणि "बरं केलं"नंतर बाबूजींचा चेहरा फारच पडलेला दिसत होता, तर त्याचीही सोय केली.

बायको जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकवते. उन्हाळ्याची सुट्टी होती. ती भेंडी चिरत माझ्यामागे बसून दहा मिनिटं पाहत होती. म्हणाली, "लय खुश आहेत नं सगळे." मी ती तारीफ समजलो.

रविवारी सकाळी दिग्दर्शिकाबाई आल्या. आता सिनेमा चालू झाल्यामुळे मी तिला मॅडम म्हणत होतो, ती मला दादाच म्हणत होती. एकशे चार मिनिटांचं जे काही तिने कागदावर बांधलं होतं ते मी अठ्ठावन्न मिनिटांत बसवलं होतं, आणि त्याचा मला अभिमान होता. ती वहीत लिहीत पाहत होती. विसाव्या मिनिटाला तिने लिहिणं थांबवलं. मला वाटलं, रंगली.

जेवणाचा प्रसंग आला. मुलगी सांगते. बाबूजी म्हणतात, "बरं केलं." आणि माझे बाबूजी हसतात. छान, मोकळं, डोळ्यांपर्यंत पोचलेलं हसू. त्यावर बासरी. मग शेत.

तिने थांबवायला सांगितलं. "हे हसू कुठून आणलं?"

"जिलेबीवरचं आहे," मी उत्साहाने सांगितलं. शूटिंगच्या एका दिवशी जेवणात जिलेबी आहे असं कोणीतरी बाबूजींना ओरडून सांगितलं होतं आणि कॅमेरा चालूच राहिला होता. शर्ट तोच होता. उजेड मी जुळवला. जोड सापडतो का पाहा म्हटलं.

तिने वही मिटली.

"दादा," ती म्हणाली, "या सिनेमात बापाच्या हातून मुलीचं लग्न लागत नाही. हाच सिनेमा आहे. तुम्ही ते लावून दिलं."

तिने रागावून म्हटलं असतं तर मी भांडलो असतो. ती दमून बोलली. उरलेला भाग पाहिलाही नाही. वही पिशवीत घातली, मंगळवारी दुपारी डिस्क न्यायला येते म्हणाली, आणि माझ्या बायकोने केलेला चहा मात्र पूर्ण पिऊन गेली. संस्कार चांगले.

मी खुर्चीत बसून राहिलो. माझ्याच कौशल्याने मला पाडलं होतं. बायकोने दारातून दोनदा पाहिलं, मग आत आली.

"काऊन बसले असे?"

मी सांगितलं. तिने ऐकून घेतलं, आणि मग जे विचारलं ते मला आजही तिच्यापुढे मान वर करू देत नाही.

"कचरा कुठी आहे याचा?"

यात आमच्या घरचं एक गुपित आहे. लग्नाच्या व्हिडिओतून मी जे कापून काढतो ते फेकत नाही. 'कचरा' नावाचं एक फोल्डर आहे, त्यात टाकतो. जावयांची खरी तोंडं, विहिणींची कुजबुज, गुलाबजामवरून झालेली बाचाबाची, झोपलेले भटजी. रविवारी दुपारी जेवणं झाली की मी आणि बायको दार लावून तो कचरा पाहतो. आमचा तेवढाच सिनेमा. पोट धरून हसतो, आणि कधीकधी, पाठवणीच्या आधी एकटाच भांडी मोजत बसलेला बाप दिसला की, दोघंही गप्प होतो.

"लग्नाचा कचरा आपण आवडीनं पाह्यतो," बायको म्हणाली. "याचा दाखवत काऊन नाई?"

मी सिनेमाच्या कचऱ्याचं फोल्डर उघडलं. ती शेजारी बसली. पहिल्या पाच मिनिटांतच माझे कान गरम व्हायला लागले. दाराकडे बघणारी मुलगी. उघड्या तोंडाने चावणारा बाप. अवघडलेल्या शांतता, एकामागून एक. सगळा सिनेमा इथे पडला होता. मी पंधरा दिवस वांगी फेकून देठांची भाजी केली होती.

आणि मग तो शॉट आला. जेवणाचाच, तिसरा टेक. बाबूजी म्हणतात, "बरं केलं." खाली बघून दोन घास खातात. मॅडमचा आवाज येतो, "कट." नटी लगेच उठते, खिशातून फोन काढते, "मॅम, परत घ्यायचं का?" असं विचारत फ्रेमच्या बाहेर जाते. पण कॅमेरावाला बंद करायचं विसरलाय. बाबूजी एकटेच बसलेत. ते आपलं ताट बघतात, मग पलीकडचं. नटीच्या ताटात अर्धी पोळी राहिलेली. बाबूजी हात लांब करून ती पोळी उचलतात, तिच्याच वाटीतल्या भाजीला लावतात, आणि हळूहळू, तोंड उघडं ठेवून, चावून चावून खातात. पूर्ण संपवतात.

बायकोच्या हातातला पदर तोंडाशी गेला होता. मी उठून उभा राहिलो आणि माझं डोकं कूलरच्या फळीवर आपटलं.

हाच शॉट होता. याच्यासाठीच तो सिनेमा होता आणि तो सिनेमा करणाऱ्या बाईलाही तो माहीत नव्हता. पण शॉट असा की त्यात "कट" होतं, "परत घ्यायचं का" होतं, नटीच्या हातात फोन होता, आणि कोपऱ्यात कोणाची तरी निळी पाण्याची बाटली मजेत उभी होती. दुसऱ्या कुठल्या एडिटरने तो सोडून दिला असता. पण मी कोण? मी मंडपातून विजेचे खांब काढलेत. वरमाईच्या मागून बकरी काढलीय. मंगलाष्टकांच्या मधोमध शिंकलेल्या काकांची शिंक अशी काढलीय की काकांनाच पटेना. बाटली अर्ध्या तासात गेली. फोन जायला दुपार लागली, कारण नटीची बोटं पुन्हा बांधावी लागली, आणि पहिल्या खेपेला मी तिला सहा बोटं केली. आवाजही काढला. पण आवाज काढला तिथे भोक पडलं. खालची घराची शांतताही त्याच्यासोबत निघून गेली होती. ऐकलं की वाटायचं, बाबूजी घरात नाही, डब्यात बसून जेवतायत.

शूटिंगवाल्यांनी घराची नुसती शांतता रेकॉर्ड केलेलीच नव्हती. माझ्याकडे शांतता होत्या, पण सगळ्या मंगल कार्यालयांच्या.

म्हणून सोमवारी सकाळी मी रेकॉर्डर डबीत घालून मोटरसायकलने निघालो. हिंगणघाट, समुद्रपूर, आणि टेकडी दिसायला लागली तोपर्यंत उन्हाने माझा तंदूर झाला होता. बाबूजींनी गुळाचा खडा आणि पाणी दिलं. मी सांगितलं, काही करायचं नाही, फक्त दोन मिनिटं गप्प बसायचं. तहसीलमध्ये आयुष्य गेलेल्या माणसाला हे सर्वांत सोपं जाईल असा माझा अंदाज होता.

बाबूजी वीस सेकंद गप्प बसले. "झालं का?" मी म्हटलं, नाही. पुन्हा सुरू. पंधरा सेकंदांनी त्यांना आठवलं की शेजाऱ्याची म्हैस व्यायली. मग त्यांनी विचारलं की शांतता नागपूरला विकत मिळत नाही का. मग खोकला. मग, खोकल्याबद्दल माफी. अर्धा तास असा गेल्यावर शेवटी एकदाची ती दोन मिनिटं आली, अखंड, सुंदर, आणि मी आनंदाने रेकॉर्डर पाहिला तर बटण दाबलेलंच नव्हतं.

बाबूजी हसले. जिलेबीवरचं तेच हसू. म्हणाले, "आता तुमी गप्प राह्यजा."

आधी मी त्यांना विचारून घेतलं, ती पोळी का खाल्ली होती.

"वाया जात होती नं बाप्पा," ते म्हणाले. मग जरा थांबून, "माह्या पोरीचंही असंच होतं. अर्धी पोळी तिच्या ताटात राह्यलीच. मीच खात जावो. आता ती नाशिकले असते."

मी रेकॉर्डर जवळ ओढला. बटण दाबलं, लाल दिवा दोनदा तपासला. या खेपेला ते आपणहून गप्प झाले, आणि दोन मिनिटं झाल्यावरही गप्पच राहिले. मला त्या घरातलं सगळं ऐकू यायला लागलं. माठातून थेंब पडत होता. पत्रा उन्हाने कटकट करत होता. मागे कुठेतरी होला घुमत होता. मी पाच मिनिटं रेकॉर्ड केलं, आणि परत येताना समुद्रपूरपर्यंत मोटरसायकलवर मोठमोठ्याने गात आलो.

मंगळवारी दुपारी ती बॅग घेऊनच आली. गाडी संध्याकाळची होती. मी म्हटलं, मॅडम, डिस्क तयार आहे, फक्त बावीस मिनिटं पाहा. दोन दिवसांत सबंध सिनेमा होणार नव्हता. मी पहिला भाग पुन्हा बांधला होता, सगळा कचऱ्यातून, आणि शेवटी जेवण. बासरी नाही. शेत एकदाच.

ती घड्याळ बघून बसली. ऐनवेळी माझ्या लक्षात आलं की कूलर चालू असला तर ती शांतता ऐकू येणार नाही. मी कूलर बंद केला. मे महिना, दुपारचे दोन, पडदे ओढलेले, खोलीत तीन माणसं, कारण बायको काही बाहेर जायला तयार नव्हती.

जेवण आलं. "बरं केलं." दोन घास. मुलगी उठून गेली, हात रिकामा, पाच बोटं. माठाचा थेंब. बाबूजींनी पलीकडच्या ताटाकडे पाहिलं. हात लांब केला.

मी पडद्याकडे नाही, तिच्याकडे पाहत होतो. तिच्या कपाळावरून घामाची धार गालापर्यंत आली तरी तिने पुसली नाही. पोळी संपली. बाबूजींनी दोन्ही ताटं एकात एक ठेवली.

"इथे मी कट म्हटलं होतं," ती म्हणाली.

"हो."

"कुठे गेलं?"

"काढलं."

तिने घाम पुसला. बायको पुढे सरकली. मी तर श्वासही रेकॉर्डिंग चालू असल्यासारखा घेत होतो.

"बरं केलं," ती म्हणाली.

आणि त्याच क्षणी कॉम्प्युटर ठप्प झाला. पडदा काळा. कूलर बंद ठेवून बावीस मिनिटं तापवल्यावर दुसरं काय होणार होतं? मी टेबलाखाली शिरून वायरी चाचपायला लागलो, आणि वरून बायकोचा आवाज आला, शांत, शाळेतला.

"सेव्ह केलतं का?"

सगळं केलं होतं. फक्त जेवणाचा प्रसंग सोडून, कारण त्यातला थेंबाचा आवाज मी ती यायच्या पाच मिनिटं आधी बारीक केला होता. मी टेबलाखालूनच तसं सांगितलं. मग हसण्याचा आवाज आला. मॅडम हसत होती, अगदी तिच्या बाबांसारखं, म्हणजे मी व्हिडिओत लावलेल्या तिच्या बाबांसारखं.

बायकोने कूलर लावला, पन्हं आणलं. मशीन थंड व्हायला पाऊण तास लागेल म्हणून मी सांगितलं. मॅडमने फोन काढला आणि पुण्याचं तिकीट रद्द केलं. मग वही काढली, रविवारचं पान उलटवलं, नवीन पानावर तारीख घातली आणि मला विचारलं, कचऱ्यात अजून काय काय आहे?